बिनआवाजाचं घर

रिसाली, भिलाई
२ फेब्रुवारी २०२४

वसुंधरा,

वर्ध्याला चारुलताकडे सगळे मजेत असतील. मीही इथे ठणठणीत आहे, निदान पत्रात तसं लिहायची रीत आहे.

तू फोनवर येत नाहीस. काल स्वानंदीनं फोन उचलला आणि म्हणाली, "काका, मावशी इथे पलंगावरच बसली आहे, पण घेत नाही म्हणते. तुम्ही पत्र लिहा ना, मी वाचून दाखवीन." भाचीनं मार्ग काढला म्हणून हा खटाटोप. आता तुला लिहायचं म्हणजे ते आधी स्वानंदीच्या तोंडून जायचं. नवरा-बायकोतलं सगळंच काही त्या पोरीला वाचायला लावता येत नाही. तेव्हा बऱ्याच गोष्टी लिहीत नाही, तू समजून घे.

त्या दिवशीचं हळदीकुंकू तू एवढं मनाला लावून घेशील असं वाटलं नव्हतं. घरात एवढ्या बायका येणार, दारात चपलांचा ढीग, कोणाचा धक्का लागून पडली असतीस तर? काचबिंदूनं नजर गेल्यापासून तू घर किती व्यवस्थित सांभाळतेस ते मी पाहतोच. पण गर्दीची गोष्ट वेगळी. मागच्या खोलीत तुला आराम मिळावा एवढाच हेतू होता. तुझ्याऐवजी शेजारच्या सिंधुताईंनी हळदीकुंकू लावलं, तिळगूळ दिला, वाण वाटलं. सगळं नीट पार पडलं आणि कोणी नाव ठेवलं नाही.

इथे माझे हाल आहेत. जिरं सापडत नाही. तुझ्या डब्यांवर नावं नाहीत, कारण तू डबा कानाशी हलवून ओळखायचीस. मीही हलवून पाहिले, मला सगळे सारखेच वाजले. काल वरणाला ओव्याची फोडणी बसली. खाल्लं तसंच.

सिद्धांतचा पुण्याहून फोन आला होता. आई मावशीकडे आरामाला गेली आहे, असं त्याला सांगितलं. तुला विचारलं तर तूही तेच सांग. उगाच पोराच्या डोक्याला ताप नको.

कधी येतेस ते कळव. दुर्ग स्टेशनवर घ्यायला येईन.

उमाकांत


रिसाली
१४ फेब्रुवारी

वसुंधरा,

तुझं उत्तर आलं नाही. स्वानंदीला फोन केला तर म्हणाली, पत्र वाचून झाल्यावर तू विचारलंस, "एवढंच लिहिलं?" मग उठून अंगणात गेलीस.

हो, एवढंच लिहिलं होतं. ते पेटीत टाकतानाच मला ठाऊक होतं की यात काही राम नाही. जे लिहायचं ते सोडून मी जिऱ्याबद्दल लिहिलं.

तर लिहितो. त्या दिवशी मी बायकांना सांगितलं, की वसुंधरा वर्ध्याला बहिणीकडे गेली आहे. तू मागच्या खोलीत, दार लोटलेलं, आणि मी हॉलमध्ये उभा राहून हसत हसत हे सांगत होतो. एकदा नाही, जी येईल तिला सांगत होतो. तू ऐकत असशील हे मला कळत नव्हतं असं नाही. कळत होतं. पण तू बाहेर येणार नाहीस याचीही खात्री होती, कारण तू चारचौघांत मला कधी खोटं पाडलेलं नाहीस. त्या खात्रीवरच मी बोलत होतो.

दुसऱ्या दिवशी सकाळी तू चहा घेतला नाहीस. पिशवी भरून दाराशी उभी होतीस. म्हणालीस, "तुम्ही काल सगळ्यायले सांगितलं ना, मी वर्ध्याले गेली म्हणून? मंग सोडून द्या मले वर्ध्याले."

मी म्हटलं, "अगं, तसं बोलावं लागते कधी कधी."

"मी मागं बसून एकेकीले ओळखून राहिली होती," तू म्हणालीस. "कोन आली, कोन गेली. कोनाच्या पाटल्या वाजल्या, कोनी मोगऱ्याचं तेल लावलं. अन् आपल्याच घरात चोरावानी बसली होती."

मी तुला वर्ध्याच्या गाडीत बसवून घेऊन निघालो. मी नागपूरला चहा आणला, तू कप हातात धरून ठेवलास आणि तो तसाच थंड झाला.

तू गेल्यापासून घर फार वाजतं. हॉलचा पंखा कटकट करतो, मोरीचा नळ टपटपतो, पुढचं दार तर असं कण्हतं की शेजारी उठावेत. इतकी वर्षं हे माझ्या कानावर कसं आलं नाही कोण जाणे. अगं, कारखान्याच्या रेल मिलमध्ये माझा जन्म तेल-ग्रीस घालण्यात गेला. आमच्या खात्यात नव्या पोराला पहिल्याच दिवशी शिकवायचे, आवाज आला की समज बिघाड आहे. आणि माझ्याच घरात हे! नुसता बसून काय करू, म्हणून कामाला लागलो आहे. पंख्याचं बेअरिंग बदललं, नळाचा वायसर टाकला, दारांच्या बिजागऱ्यांना ग्रीस दिलं. फाटकाची कडीसुद्धा आता लोण्यासारखी सरकते. तू येशील तेव्हा घर कसं शांत झालंय ते पाहशील. म्हणजे, तुला कळेल.

उमाकांत


रिसाली
५ मार्च

वसू,

स्वानंदीचं कार्ड मिळालं. तू येते आहेस! एकाच दिवसासाठी, उन्हाळ्याच्या सुती साड्या न्यायला, असं लिहिलंय. असू दे. साड्या तर साड्या. तिनं खाली लिहिलंय, "मावशी म्हणते, ऐकलं की तुम्ही घरात कामं काढली आहेत. काही करू नका म्हणते."

वाचून हसू आलं. आपल्याकडे पाहुणा "काही करू नका" म्हणाला की घरात पोळ्यांऐवजी पुऱ्या होतात. तू तरी दुसरं काय म्हणणार? म्हणून मी जास्तच केलं. देवीदास मिस्त्रीला बोलावलं. तो सगळ्या खोल्यांतून फिरला, पायानं फरशी ठोकून पाहिली आणि म्हणाला, "बाबूजी, हर कमरे में अलग-अलग पत्थर है, अच्छा नहीं लगता. पूरा घर एक जैसा कर देते हैं, शोरूम जैसा." मला पटलं. घर बांधलं तेव्हा जे मिळालं ते बसवलं होतं, हॉलमध्ये चिप्सच्या लाद्या, स्वयंपाकघरात कोटा, बोळात शहाबादी. आता सगळीकडे एकच टाइल आहे, बदामी रंगाची, मधे सांधासुद्धा लागत नाही. भिंतींना पुट्टी मारून रंग दिला. तो खडबडीत गिलावा तुझ्या बांगड्यांना घासायचा, आता हात फिरवलास तर काचेवरून फिरवल्यासारखा वाटेल. तुझा तो घरघरणारा फ्रीजही गेला. नवा आणला, चालू आहे की बंद हे हात लावूनही कळत नाही. सिद्धांतला फोटो पाठवले. म्हणाला, "बाबा, क्या बात है! आई खूश होऊन जाईल."

हे सगळं का करतोय, ते लिहायचं राहतंय. दर वेळी राहतंय.

गेल्या वर्षीच्या हळदीकुंकवाला तू कोपऱ्यावरच्या जोशींच्या नव्या सुनेला कुंकू लावलंस आणि ते तिच्या भिवईवर गेलं. ती पोर दचकली. मागून कोणीतरी फिस्सकन हसलं. तू पण हसलीस, पदरानं तिची भिवई पुसलीस, बोटानं तिचं कपाळ चाचपून पुन्हा लावलंस आणि पुढचीला हाक मारलीस. झालं, संपलं. तुझ्यासाठी संपलं. मी पाण्याचा तांब्या घेऊन स्वयंपाकघराच्या दारात उभा होतो, मला तिथून हलता येईना. वर्षभर ते हसणं माझ्या कानात राहिलं. यंदा बायका यायची वेळ झाली तशी मी तुला मागच्या खोलीत नेऊन बसवलं.

तुझ्या काळजीनं नाही. लाज वाटली म्हणून. हसणारीची नाही, माझी नाही, तुझी लाज वाटली मला. स्वानंदी, हे गाळू नकोस. मावशीला हे वाचून दाखव.

मनात आलं, घर नवंकोरं करून तुझ्यापुढे ठेवावं, म्हणजे तोंडानं जे बोलता येत नाही ते त्यातून पोहोचेल. रविवारी दुर्गला मी तासभर आधीच येऊन उभा असेन.

तुझा
उमाकांत


रिसाली
१९ मार्च

वसू,

तुला सोडून स्टेशनवरून परत आलो तेव्हा घरात पाय ठेवायला मन होईना. फाटकापाशीच बराच वेळ उभा राहिलो.

तू होतीस म्हणून तुला हे सांगायची गरज नाही. पण मी काय पाहिलं ते तुला ठाऊक नाही, ते सांगतो.

ऑटोतून उतरल्यावर तू काठी घडी करून स्वानंदीच्या हातात दिलीस. आपलं घर आलं, आता काठी कशाला, असं काहीसं म्हणालीस. चेहरा उजळला होता. मला तेव्हा इतकं बरं वाटलं वसू, की वाटलं, गेली ही कटकट, सुटलो आपण. तू फाटकाला हात घातलास. नेहमीसारखा जोर लावलास, आणि ते आवाज न करता असं भसकन उघडलं की तू पुढे तोल जाऊन पडता पडता राहिलीस. मी सावरलं. म्हटलं, "पाह्यलं, कसं सरकते!"

चपला काढून तू आत पाऊल टाकलंस आणि थांबलीस. दुसरं पाऊल टाकलंस. मग वळून हळूच विचारलंस, "स्वानंदी, आपण कोनाच्या घरी आलो?"

मी हसलो. मला ती तारीफ वाटली.

मग तू चालायला लागलीस, आणि माझं हसू जागच्या जागी राहिलं. तुझ्या पायांना आपल्या खोल्या पाठ होत्या. चिप्स संपून शहाबादी आली की बोळ, कोटा लागला की स्वयंपाकघर. पंखा कटकटतो तिथे हॉलचा मध्य, फ्रीज घरघरतो त्याच्या उजवीकडे ओटा, नळ ठिबकतो तिकडे मोरी. भिंतीचा तो खडबडीत गिलावा धरून तू अर्धं घर फिरायचीस. हे मला कोणी सांगितलं? कोणी नाही. त्या पाच मिनिटांत तू एकेक गोष्ट शोधत होतीस आणि ती सापडत नव्हती, तेव्हा मला कळत गेलं. जे जे तू शोधलंस ते ते मी स्वतःच्या हातानं काढून टाकलेलं होतं. स्वयंपाकघर समजून तू मोरीत गेलीस. तिथून परतताना बोळाच्या कोपऱ्यावर कपाळ आपटलं. शेवटी हॉलच्या मधोमध दोन्ही हात पुढे करून उभी राहिलीस. या घरात तू कधी हात पुढे करून चालली नव्हतीस.

"मले बसवा कुठंतरी," तू म्हणालीस.

मी खुर्ची दिली. दुपारभर तू त्या खुर्चीतून उठली नाहीस. पाणी पाहिजे का विचारलं तर "असू द्या" म्हणालीस, जेवायला वाढलं तर "थोडंच" म्हणालीस. परक्या घरी बसतात तशी बसलीस. साड्या स्वानंदीनं काढल्या. निघताना तू पायरीवर म्हणालीस, "चांगलं केलं असन तुम्ही." त्यापेक्षा मला चार शिव्या दिल्या असत्यास तर मी त्या गोड मानून घेतल्या असत्या.

जानेवारीत मी तुला मागच्या खोलीत बसवलं, तेव्हा निदान तुला माहीत होतं की तू कुठे बसली आहेस.

काल देवीदासला बोलावून विचारलं, जुनी फरशी परत मिळेल का. तो म्हणाला, "बाबूजी, वो तो तोड़ के निकाली थी. मलबा उसी दिन उठ गया." मग म्हणाला, "कुछ गड़बड़ हुई क्या?" त्याला काय सांगणार? काम त्यानं चोखच केलं होतं.

मला आज आणखी लिहवत नाही.

उमाकांत


रिसाली
२८ मार्च

वसू,

धुळवडीच्या दुसऱ्या दिवशी सिंधुताई पुरणपोळी घेऊन आल्या. घर फिरून पाहिलं, छान झालं म्हणाल्या, आणि मग विचारलं, "वसुंधरा येऊन लगेच परत गेली म्हणे?"

माझ्या तोंडाशी नेहमीचं उत्तर आलं होतं. बहिणीची तब्येत बरी नाही वगैरे. इतक्या दिवसांत मी त्यात चांगला तरबेज झालो आहे. पण त्या दिवशी ते बाहेर पडेना. मी सांगून टाकलं. म्हटलं, सिंधुताई, हळदीकुंकवाच्या दिवशी ती वर्ध्याला नव्हती. मागच्या खोलीत होती. मी तिला लपवलं होतं.

त्या शांतपणे म्हणाल्या, "आमाले माहीत होतं, भाऊजी."

मला वाटलं, ऐकण्यात चूक झाली.

"अहो, तिच्या खोकल्याले मी ओळखत नाही का? अन् तिळाचे लाडू तिच्याच हातचे, खाताना हाताले पाक लागून राहिला होता. वर्ध्याहून ताजे आले होते का?"

"मंग बोलल्या कावून नाही?" मी विचारलं.

"काय बोलनार? तुम्ही दारात घामानं थबथबले होते. म्हटलं, मानसाची लाज राखावी." मग म्हणाल्या, "म्हणून तं सगळ्या मोठ्यानं बोलून राहिल्या होत्या. कोनाच्या सुनेले दिवस गेले, कोनाची बदली झाली, कोनाचं भांडण झालं, सगळं. आत तिले ऐकू जावं म्हणून."

मला तो गोंगाट आठवतो. मी तेव्हा मनात म्हणत होतो, काय या बायका कलकलाट करतात, जरा हळू बोलायला काय होतं. तुझ्यासाठी बोलत होत्या त्या. सगळ्या घराला ठाऊक होतं की तू आत आहेस. ज्या बायकांची मला भीती होती त्यांनीच दाराच्या अलीकडून तुला सोबत केली, आणि मी मधे उभा राहून खोटं बोलत होतो. मला वाटत होतं मी तुला झाकतोय. सगळ्याजणी मिळून मला झाकत होत्या.

सिंधुताई गेल्यावर मी पुरणपोळी झाकून ठेवली. खाल्ली नाही.

सिद्धांतलाही काल खरं सांगितलं. त्यानं आधी सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाला, "बाबा, ये क्या किया आपने." मराठी सुचली नसावी त्याला. थोड्या वेळानं म्हणाला, "आईला मीच फोन करतो." केला असेल.

"ये" असं लिहायला बसलो होतो. लिहीत नाही. कुठे ये म्हणू? तुझं घर मी मलब्याच्या ट्रॉलीत भरून पाठवून दिलं. हे जे उरलंय ते कसं आहे म्हणून तू विचारलंस, तर मला नुसतं "बदामी आहे" एवढंच सांगता येईल. इतकी वर्षं या घरात राहून मला त्याचा रंग तेवढा ठाऊक आहे. आणि तुला तर मी तेवढंही ओळखलं नाही, जेवढं सिंधुताईंनी लोटलेल्या दारातून ओळखलं.

तू चारुलताकडे राहावंस असं ठरवलंस, तर मी कोणाला काही खोटं सांगणार नाही. जो विचारेल त्याला सांगेन, की मी तिला लपवलं म्हणून ती गेली.

उमाकांत


वर्धा
४ एप्रिल

काका, मावशी सांगते आहे तसंच्या तसं लिहिते आहे. सुधारायचं नाही म्हणते. – स्वानंदी

अहो,

तुमची सगळी पत्रं ऐकली. शेवटचं पोरीले दोनदा वाचाले लावलं. त्याच्या आधी एकात तुम्ही लिहिलं, तुझी लाज वाटली मला, ते वाचताना ती पुटपुटाले लागली होती. मी म्हटलं, वाच, माह्या नवऱ्यानं पहिल्यांदा खरं लिहिलं हाये. मले वाईट वाटलं. अजूनही वाटते. ते इतक्या लवकर जानार नाही, तुम्ही समजून राहा.

बायका मोठ्यानं बोलून राहिल्या होत्या, हे मले तेव्हाच समजलं होतं. म्हणून तं जास्त रडू आलं. त्यायले समजलं, अन् तुम्हाले नाही.

फरशी गेली तं गेली. डोळे गेले तेव्हा ते घर मी एकदा शिकली होती. तुम्ही तेव्हा ड्युटीवर जायचे, तुम्हाले माहीतच नाही मी कुठं कुठं आपटली. पुन्हा शिकीन. चारुलताच्या घरी सगळं बरं हाये, पण इथं मले चहासुद्धा मांगून प्यावा लागते.

दोनच गोष्टी करा. मोरीच्या दाराशी काथ्याचं पायपुसनं टाका, अन् स्वयंपाकघराच्या तोंडाशी गोनपाट. पायाले समजलं पाहिजे. दुसरं काहीच करू नका. काही म्हंजे काहीच नका करू. पंख्याले हात लावू नका, तो आपोआप वाजाले लागन. तुमचं ग्रीस काही जन्माले पुरत नाही.

पुढच्या रविवारच्या गाडीनं येते. स्टेशनवर या. मले धरून नेऊ नका, मी तुमचा दंड धरीन. घरी गेल्यावर मी चाचपत चालीन, आपटीन, दूध सांडीन. तुम्ही खुर्चीत बसून पाहा. मधे उठाचं नाही, हाय हाय कराचं नाही.

सिंधुताईले सांगा, चैत्राचं हळदीकुंकू आपल्याच घरी हाये. जोशीच्या सुनेले आठवनीनं बोलवा. कुंकू मीच लावीन. भिवईवर गेलं तं पुसीन अन् पुन्हा लावीन. तुमच्यानं पाहवलं नाही तं बाजारात जाऊन बसा, मी काही म्हननार नाही. पन घरी राहिले तं हॉलमधीच राहा, मागच्या खोलीत नाही.

अन् बेल वाजली की उठू नका. दार मी उघडीन.

वसुंधरा